कार्त्यायनीचा आवाज

जिभेखालच्या लवंगेची चव कधीच गेली होती, नुसती काडी उरली होती, तरी कार्त्यायनी ती थुंकत नव्हती – नाटकाच्या दिवसांपासूनची सवय, घसा सुकू द्यायचा नाही... आरशात मेकअपवाली लतिका तिच्या केसांना काळा रंग लावत होती. एकोणतिसाव्या वर्षी याच केसांत पांढरी पावडर फासून तिला चाळिशीतल्या नायकाची आई केलं होतं; आता सत्तरीत, मालिकेतल्या सासूला पांढरे केस चालत नाहीत म्हणे.

"चेची, ऐकलंत का?" थोरल्या बहिणीला हाक मारावी तशी लतिका हळूच म्हणाली, "तुमचा आवाज वारला."

म्हणजे अन्नम्मा. सिनेमात वीस-बावीस वर्षं कार्त्यायनीच्या तोंडून जी बोलली, हसली, पोरांसाठी देवापुढे रडली, ती अन्नम्मा. इकडे केरळात चित्रण उरकलं की रिळं मद्रासला जायची आणि तिथल्या अंधाऱ्या खोलीत ही कोट्टयमची बाई पडद्यासमोर उभी राहून कार्त्यायनीच्या ओठांत आपला आवाज भरायची. दोघी कधी भेटल्या नव्हत्या. कार्त्यायनीनं ते होऊच दिलं नव्हतं.

तिचा स्वतःचा आवाज... कोळिक्कोडच्या मैदानात माइक बंद पडला तरी नाटक थांबत नसे, शेवटच्या रांगेतल्या हमालाच्या हातातली विडी तशीच विझून जायची, असा तो आवाज. आणि सिनेमाचे दिग्दर्शक म्हणाले होते, "बाई, चेहरा देवीचा, पण आवाज घाट चढणाऱ्या लॉरीचा! आईचा आवाज कसा ओला हवा." पहिला सिनेमा ती भावाबरोबर पाहायला गेली. पडद्यावर तिनं तोंड उघडलं आणि आतून दुसरीच कुणी बाई बाहेर आली. भाऊ कानाशी कुजबुजला, "काय गोड बोललीस गं!" – अंधारात तिनं स्वतःचा गळा चाचपून पाहिला होता.

पण खरी नामुष्की पुढचीच, कुणालाच ठाऊक नसलेली. टीव्ही आला, इथं ज्याचं त्यानंच बोलायचं, तिला वाटलं, आता तरी... पहिल्याच दिवशी निर्माता म्हणाला, "चेची, सिनेमात बोलायचात तसं बोला ना. लोकांना तोच आवाज हवाय." आणि ती बोलली. दार लावून, जुन्या सिनेमांच्या कॅसेटी लावून, शब्दाच्या शेवटी अन्नम्मा जशी किंचित खाली उतरते तशी उतरायला शिकली. त्या बाईची नक्कल करून ती गेली कित्येक वर्षं जेवते आहे!

अन्नम्मा म्हातारपणी परत केरळात आली होती, घर सेटपासून तासाभरावर; दुपारच्या सुट्टीत तिनं गाडी मागवली. वाईट वाटलं म्हणून नव्हे – एकदा तोंड तरी पाहावं, म्हणून.

अंगणात प्रार्थना चालली होती. काचेच्या पेटीत पांढरी साडी, बोटांत गुंफलेली जपमाळ, आणि चेहरा... इतका लहानसा? कार्त्यायनी त्या मिटलेल्या ओठांकडेच पाहत राहिली. एवढ्याशा तोंडातून एवढं रडणं निघालं?

अन्नम्माच्या मुलीनं, लिस्सीनं तिला स्वयंपाकघरात नेलं, बिनदुधाची कॉफी पुढे ठेवली. "अम्मा तुमच्यावर फार चिडायची, चेची."

"माझ्यावर?"

"तुम्ही रडताना दात आवळता. ओठ उघडतच नाहीत. दिग्दर्शकसाहेब म्हणायचे, हंबरडा फोड. अम्मा घरी येऊन भांडी आपटायची – ती बाई रडू गिळतेय आणि मी कुठून हंबरडा फोडू? तो मुलाचं प्रेत आणतात तो प्रसंग आठवतो? तिथं अम्मानं साफ नाही म्हटलं. नुसता श्वास देईन, म्हणाली. मग दिलं घरी पाठवून. ते रडणं दुसरीच कुणी रडलीये."

कार्त्यायनीला आठवलं. तो सिनेमा पाहताना तिला वाटलं होतं, आज या बाईनं फारच ताळतंत्र सोडलंय... म्हणजे ती अन्नम्मा नव्हती. त्या अंधाऱ्या खोलीत रीळ पुन्हा पुन्हा मागे नेऊन, दातांची ती आवळण कुणीतरी पाहत होतं. चाहत्यांनी नाही, दिग्दर्शकानं नाही – अन्नम्मानं पाहिली.

"एकदा तरी यायचं होतं हो," लिस्सी म्हणाली. त्यात तक्रार नव्हती, हेच कठीण होतं. कॉफी निवून गेली.

परतताना गाडीत तिनं जुना राग आठवून पाहिला. दिग्दर्शकाची लॉरी आठवली, भावाची कुजबुज, कॅसेटी – सगळं होतं जागच्या जागी, फक्त धग नव्हती. आणि ती घाबरली. एवढी वर्षं याच रागाला पाठ टेकून उभी होते ना मी? तो सरकला तर... आता सेटवर जाऊन सुनेला दाराबाहेर काढायचं होतं, संवाद पाठ होता, आणि तो कुठल्या गळ्यानं म्हणायचा ते तिला कळेना. मैदानावरचा आवाज तिनं मनात हाकारला. लांबून काहीतरी हललं, की नुसताच भास...

"काही म्हणालात का अम्मा?" ड्रायव्हर सुकुमारननं मान वळवून विचारलं.

"नाही रे," ती म्हणाली. शब्द शेवटाला किंचित खाली उतरला. तो आवाज आपला की अन्नम्माचा, हे तिनं पहिल्यांदाच तपासून पाहिलं नाही – खिडकीबाहेर नारळीची झाडं मागे जात राहिली, आणि तिच्या छातीत रागाची मघाशी मोकळी झालेली जागा तशीच, उघडी राहिली.