आठव्यांदा न धुतलेला सिडनोन

मित्रांनो, मी एक जुना सिडनोन आहे. नाव ऐकून घाबरू नका. मी राक्षसही नाही आणि रोगही नाही. मी एक रासायनिक पदार्थ आहे. वजन जेमतेम दीड ग्रॅम, चहाच्या चमच्यात ओतला तर तळ कसाबसा झाकेन. दिसायला बारीक साखरेसारखा आहे, पण म्हणून कोणी जिभेला लावून बघू नये. सिडनी शहरातल्या एका विद्यापीठाच्या रसायनशाळेत, एका तपकिरी बाटलीत माझी साठ-बासष्ट वर्षे गेली. आमच्या घराण्यातला पहिला पदार्थ याच शहरात जन्मला, म्हणून घराण्याला शहराचेच नाव पडले.

आमचे घराणे मुलखाचे तऱ्हेवाईक. पाच अणूंनी हातात हात धरून फेर धरावा, तसा आमचा गाभा असतो. इतर पदार्थांचे चित्र साध्या रेघांनी काढता येते. आमच्या फेरात मात्र थोडा धन भार आणि थोडा ऋण भार सगळ्यांच्या हातांतून फिरत राहतो. बेरीज शून्यच येते, पण कोणता भार नेमका कोणाकडे आहे हे चित्रात ठामपणे दाखवता येत नाही. शास्त्रज्ञ आम्हाला मेसोआयनिक म्हणतात. एकाने आमचे चित्र काढले की दुसरा मान हलवून म्हणतो, "असं नव्हे." या वादात पुष्कळ खडू झिजले आहेत.

मला बनवले मर्ल हॅडोने. महायुद्ध संपून पाच-सहा वर्षे झाली होती. मर्ल चोवीस वर्षांची, बारीक चणीची, रोज ट्रामने येणारी मुलगी होती. तिची आई लोकांचे कपडे शिवून घर चालवायची. मर्लला प्रबंध लिहून पदवी मिळवायची होती, आणि शिष्यवृत्तीचे शेवटचे तीनच महिने उरले होते. प्रबंधावर प्राध्यापक लेथब्रिज यांची सही झाली तर ती संशोधक होणार होती. नाही झाली, तर एका साबणाच्या कारखान्यात तेलाचे नमुने तपासायची नोकरी तिची वाट बघत होती.

माझ्यासाठी लागणारा मूळ पदार्थ इंग्लंडहून जहाजाने आला होता. मर्लने तो जपून वापरला. बर्फात थंड केला, थेंबाथेंबाने आम्ल घातले, मग दुसऱ्या द्रवात दोन दिवस झाकून ठेवला. तिसऱ्या दिवशी सकाळी तिने झाकण काढले, तर तळाशी मी होतो, चांगला अकरा ग्रॅम, दुधाच्या सायीच्या रंगाचा. ती इतकी हरखली की तिने स्वतःलाच टाळी दिली. मला आजही त्या सकाळचा अभिमान वाटतो.

तिने मला पसरट बशीत घालून आपल्या टेबलावर वाळत ठेवले. तिचे टेबल उत्तरेच्या खिडकीला लागून होते, आणि दिवस जानेवारीचे, म्हणजे तिकडच्या भर उन्हाळ्याचे होते. दुपारी ती जेवून आली, तर मी निळा झालो होतो. फिकट नव्हे, शाळेच्या शाईसारखा निळा.

प्राध्यापक लेथब्रिज आले. माणूस विद्वान आणि सचोटीचा, पण मत एकदा बनले की घोरपडीसारखे चिकटून बसायचे. त्यांनी चष्मा वर केला आणि बशी नाकाजवळ धरली.

"मिस हॅडो, ही घाण आहे. धुवा."

आता आमच्या धंद्यात धुणे म्हणजे काय, ते सांगतो. गरम मद्यार्कात आम्हाला विरघळवतात, गाळतात आणि थंड करतात. आम्ही पुन्हा स्फटिक होऊन तळाशी बसतो आणि घाण वरच्या द्रवात राहते. पण त्या द्रवात आमचाही थोडा भाग राहतोच. एरवी तो परत मिळवता येतो. लेथब्रिजांचा मात्र हुकूम होता की वरचे सगळे फेकून द्यायचे, घाण त्यातच असते.

मर्लने मला धुतले. मी पुन्हा सायीच्या रंगाचा झालो. लेथब्रिज म्हणाले, "बघा, मी म्हटलं नव्हतं?" दुसऱ्या दिवशी दुपारी मी पुन्हा निळा! "मिस हॅडो, तुमचे हात स्वच्छ नसतात," ते म्हणाले. मर्लचा चेहरा खर्रकन उतरला. तिने पुन्हा धुतले.

असे सात वेळा झाले. दर वेळी मी पांढरा व्हायचो आणि एक-दोन दिवसांत निळा. दर वेळी थोडा थोडा मी मोरीत वाहून जायचो. अकराचा नऊ झालो, नऊचा सात, आणि सातव्या धुण्यानंतर दोन ग्रॅमला आलो. नवा माल मागवावा म्हटले तर गोदी कामगारांचा संप चालू होता आणि जहाजे बंदराबाहेर ताटकळत उभी होती. मित्रांनो, आपण संपत चाललो आहोत हे कळूनही काही बोलता येऊ नये, यासारखे दुःख नाही. मर्लकडे पाहिले की मला वाटायचे, माझ्याबरोबर हीसुद्धा संपत चालली आहे. हात धुऊन धुऊन तिच्या बोटांची सालटी निघाली होती.

मी आठव्यांदा निळा झालो, तेव्हा लेथब्रिज दारातूनच म्हणाले, "अजून एकदा धुवा. पुढच्या बुधवारी खडे स्वच्छ दिसले तर सही करीन. नाहीतर हे प्रकरण प्रबंधातून काढून टाका."

ते प्रकरण काढले तर प्रबंधात उरणार काय होते? नुसती प्रस्तावना आणि आभार. मर्ल मला बाटलीत भरून तळघरात क्लॅरी पेगकडे घेऊन गेली. क्लॅरी तिथला भांडारी होता. साठीचा माणूस, कानाशी रेडिओवरचे क्रिकेट आणि हातात चहाचा पत्र्याचा मग. रसायनांची पदवी त्याच्याकडे नव्हती, पण कुठली बाटली कुठे आणि कधीपासून आहे, हे त्याला तोंडपाठ असायचे.

"मद्यार्क हवाय, क्लॅरी. शेवटचाच," मर्ल म्हणाली.

"शेवटचा शेवटचा करत माझा अर्धा पिंप संपवलास. अगं, एवढं तर लग्नाच्या पार्टीतही लागत नाही." त्याने तिच्या बोटांकडे पाहिले आणि रेडिओ बारीक केला. "परत तेच? निळं?"

"परत तेच. म्हणे माझे हातच घाणेरडे आहेत."

"कमाल आहे. दर शनिवार-रविवार ही बाटली माझ्याकडे असते. सोमवारी तुला देतो तेव्हा पांढरीच असते. एकदाही निळी झालेली बघितली नाही मी."

"इथे मी हात लावत नाही ना, म्हणून."

"वा गं वा! मग भरते कोण? तुझी आजी? आत तूच भरतेस, बाहेर तूच काढतेस. हात तेच, माल तोच. एवढं शिकलीस आणि एवढं कळेना? माझ्या तळघरात काय नाही, जे तुझ्या टेबलावर आहे?"

मर्लने वर पाहिले. तळघरात एकच पिवळा दिवा होता. खिडकी नव्हती.

"ऊन," ती म्हणाली.

तिने मद्यार्काचा डबा तिथेच ठेवला. "मी नाही धुणार, क्लॅरी. आठव्यांदा नाही धुणार."

"आणि म्हातारा चिडला तर?"

"तर साबण आहेच माझ्या नशिबात."

क्लॅरी खो खो हसला, पण मर्ल हसली नाही. ती हे गमतीने बोलत नव्हती.

बुधवार उजाडला. लेथब्रिज चहाचा कप घेऊन आले. मर्लने मला बाटलीतच ठेवले होते आणि शेजारी साबणाची वडी, टॉवेल आणि कोरी बशी मांडून ठेवली होती.

"हे काय? धुतलं नाहीत?"

"नाही सर. आज तुम्ही करा. हात तुमचे, बशीही तुमच्याच खोलीतली आहे. मी भिंतीशी उभी राहते."

"हा उद्धटपणा आहे, मिस हॅडो."

"असेल सर. पण माझ्याकडे आता दोनच ग्रॅम उरलेत. तुमच्यासारखं सावकाश धुवत बसणं मला परवडत नाही."

खोलीतले सगळे काम थांबले. लेथब्रिज लाल झाले. वाटले, आता हे ताडताड निघून जाणार आणि मर्ल कायमची साबणात जाणार. पण मी म्हटले ना, माणूस सचोटीचा होता. त्यांनी बाह्या वर केल्या. कोपरापर्यंत हात धुतले, एकदा नव्हे, तीनदा. मग मला आपल्या हाताने बशीत पसरले. तोवर तळघराच्या अंधारात राहून मी न धुताच अगदी सायीच्या रंगाचा झालो होतो. मर्लच्या सांगण्यावरून त्यांनी आपल्या चष्म्याचे घर बशीवर आडवे ठेवले आणि बशी खिडकीत सरकवली. चहा निवला. तासाभराने त्यांनी चष्म्याचे घर उचलले.

त्याच्याखाली मी पांढरा होतो. दोन्ही बाजूंना निळाशार. मध्ये चष्म्याच्या घराचा आकार इतका रेखीव उमटला होता की त्यावरची कडीसुद्धा ओळखू येत होती.

लेथब्रिजांनी बशी पुन्हा नाकाजवळ धरली. मग म्हणाले, "मिस हॅडो, माझे हात तर स्वच्छ होते."

"हो सर," मर्ल म्हणाली. "माझेही होते."

त्यांनी मान खाली घातली. मला त्या क्षणी त्यांचा राग आला नाही, उलट माया वाटली. इतकी वर्षे मोठेपणात काढून भर खोलीत असे ऐकून घेणे सोपे नसते. त्यांनी तिथेच कागद मागवले आणि सही केली. अंधारात ठेवल्यावर मी हळूहळू पुन्हा पांढरा झालो, तेही त्यांनी दोन दिवस रोज तळघरात उतरून स्वतः तपासले. क्लॅरी त्यांना प्रत्येक वेळी विचारायचा, "सर, मद्यार्क हवाय का?"

त्यानंतर माझे चांगले दिवस आले. विद्यापीठ पाहायला शाळेची मुले आली की मला उन्हात मांडत. मुले माझ्यावर कागदाचे मासे नि होड्या ठेवत आणि उमटलेले आकार पाहून ओरडत. माझ्यामुळे पोरे खूश होतात, याचा मला फार आनंद वाटायचा. मर्लला दूरच्या एका गावात शिकवायची नोकरी लागली. जाण्यापूर्वी तिने माझ्या बाटलीवर नवी चिठ्ठी चिकटवली. शाई उडते, शिसपेन्सिल टिकते, म्हणून पेन्सिलीने लिहिले: नाव, कितीला वितळतो, तारीख, आणि खाली, 'सात वेळा शुद्ध केला आहे. आता धुवू नये. मर्ल हॅडो.'

मग क्लॅरी निवृत्त झाला. लेथब्रिज गेले. मुलांना दाखवायला नव्या गमती आल्या, आणि मला कोणी एका फळीच्या मागच्या रांगेत सरकवले. तिथे मी पन्नासहून अधिक वर्षे काढली. बाटलीवर धुळीचा थर बसला. माणसे पुढच्या रांगेतल्या बाटल्या न्यायची, आणायची. मला कोणी हात लावत नव्हते. मी खोटे बोलत नाही, मला वाईट वाटायचे.

नव्या शतकात तळघर रिकामे करायचा हुकूम आला. जुने ते सगळे निळ्या पिंपात टाकायचे, पिंप जाळायला जाणार. माझ्या शेजारच्या बाटल्या एकेक करून गेल्या. माझ्या बाटलीला हात लागला तो रीमा ताउकचा. ही प्रबंध करणारी मुलगी, आईबाप लेबनॉनचे. स्वच्छतेच्या कामाला तिला जुंपले होते आणि ती वैतागलेली होती. कारण तीन महिने ती मलाच बनवू पाहत होती! आजारी पेशीत औषध कुठवर पोचले, हे दाखवणारी एक खूण तिला माझ्यापासून तयार करायची होती. पण तिच्या चंबूत दर वेळी मधासारखे चिकट तेलच उरायचे. खडे काही धरायचे नाहीत.

तिने सवयीने बाटली पिंपावर धरली. मग चिठ्ठी वाचली. बाह्यांनी धूळ पुसली आणि पुन्हा वाचली.

"अरे देवा," ती म्हणाली, "हा तर तोच आहे!"

मित्रांनो, स्फटिकांची एक रीत आहे. कधी कधी द्रवाला खडा कसा धरायचा हेच सुचत नाही. त्यात त्याच जातीचा एक खडा टाकला, तर त्याच्याभोवती बाकीचे आपोआप रांगेत येतात. तो सगळ्यांना वाट दाखवतो. रीमाने सुईच्या टोकावर माझा एक कण उचलला आणि आपल्या चंबूत सोडला.

पाच मिनिटे काहीच झाले नाही. ती ओठ चावत बसली. मग त्या कणाभोवती धुके आल्यासारखे झाले, त्यातून एक काडी फुटली, तिच्यातून दुसरी, आणि बघता बघता चंबू तळापासून गळ्यापर्यंत सायीच्या रंगाच्या काड्यांनी भरून गेला. रीमा रडत होती आणि हसत होती. दुसऱ्या दिवशी तिने मर्लचा ठावठिकाणा शोधून फोन लावला. मर्ल शहाऐंशी वर्षांची होती.

"ओरडू नकोस गं, बहिरी नाही झालेय, म्हातारी झालेय," फोनमधून आवाज आला. "किती उरलाय तो?"

"दीड ग्रॅम असेल, मिस हॅडो. तुम्ही जपून ठेवला होतात म्हणून माझं काम झालं."

"आठव्यांदा धुतला असता," मर्ल म्हणाली, "तर तुला द्यायला काही उरलं नसतं."

आता मी दोन बाटल्यांत राहतो. एकीत मी म्हातारा, दुसरीत नवा कोरा चौदा ग्रॅम. आणि त्या नव्यातला एक कण जुनाच आहे, कोणता ते मलाही ओळखता येत नाही. मित्रांनो, तुमच्या आसपास असा कोणी असेल, जो तुम्ही काढलेल्या रेघांत बसत नाही, एका जागी एका रंगाचा दिसतो आणि दुसऱ्या जागी दुसऱ्या. त्याला घासून पुसून आपल्यासारखा करायची घाई करू नका. दर घासण्याला तो थोडा कमी होतो, आणि त्याची गरज कोणाला पडणार आहे, ते माणूस अजून जन्मालाही आलेले नसेल.