बोळाचं फाटक

"मॅडम, याले सांगा, माह्याकडे पाहून बोलू नको," रुपराव म्हणाला आणि खुर्ची भिंतीकडे वळवून बसला.

मध्यस्थी केंद्रातली ही चौथी बैठक. एसटीतून मेकॅनिक म्हणून निवृत्त झालेले देवराव पाथोडे अकरा वर्षं सख्ख्या धाकट्या भावाशी साडेतीन फुटांच्या बोळासाठी कोर्टात भांडत होते. नंदनवन वस्तीत पुढे त्यांचं घर, मागे रुपरावचं. मधल्या बोळाला फाटक, फाटकाला कुलूप आणि किल्ली देवरावांच्या खिशात. रुपरावची माणसं शेजाऱ्याच्या अंगणातून, भिंतीला लावलेल्या दगडावरून ये-जा करत.

बोळाचं भांडण केव्हाच मागे पडलं होतं. माय रुपरावच्या घरी वारली त्या दिवशी देवराव उमरेडला ड्यूटीवर होते आणि फाटक बंद होतं. लोकांनी तिरडी भिंतीवरून पलीकडे उतरवली. थोरला मुलगा घाटावर पोचला तेव्हा चिता अर्धी जळून गेली होती.

"तीन खेपा फोन केला मी!" रुपराव भिंतीला म्हणाला.

"फोन बॅगमधी होता गा! किती वेळा सांगू?" देवराव खेकसले.

मध्यस्थ नूपुर मॅडमनी रुपरावला बाहेर बसवलं. "इथं एकट्यात बोललेलं तुमच्या परवानगीशिवाय त्यांच्यापर्यंत जात नाही," त्या म्हणाल्या.

अकरा वर्षांत असं कोणी म्हणालं नव्हतं. देवरावांनी दार नीट लागलंय का ते वळून पाहिलं.

"फोन हातातच होता, मॅडम. त्याचं नाव पाहिलं. वाटलं, किल्लीपायी भांडाले फोन करून राहिला. कापला. तिन्ही खेपा."

"सांगू मी त्यांना?"

देवरावांना मेल्याहून मेल्यासारखं झालं. "नका सांगू. मीच सांगतो."

रुपराव आत आला. देवरावांनी खाली मान घालून सगळं सांगितलं. रुपरावनं खुर्ची वळवली नाही.

"माहीत हाय मले," तो म्हणाला. "रिंग मधातच तुटे. बॅगमधला फोन आपोआप कटते का? आणा कागद, कुठी सही करू?"

तडजोड झाली. बोळ दोघांचा, फाटक कायम उघडं.

दुसऱ्या दिवशी देवरावांनी कुलूप काढलं, बिजागऱ्यांना तेल दिलं, फाटक दोनदा फिरवून पाहिलं. जरासुद्धा करकरलं नाही. मग ते ओसरीवर खुर्ची टाकून बसले.

संध्याकाळी रुपराव भाजी घेऊन आला. उघड्या फाटकासमोर क्षणभर थांबला आणि शेजाऱ्याच्या अंगणात शिरला. साठी उलटलेल्या त्या माणसानं आधी पिशवी भिंतीपलीकडे सोडली, मग गुडघ्यावर हात देत दगडावर चढला.

देवराव उठले आणि बिजागऱ्यांना पुन्हा तेल द्यायला लागले.