बॅग ओता

आमच्या शिबिरात पहिला तास गोंधळाचा असतो. मुलांच्या भरलेल्या बॅगा आम्ही मैदानात ओततो आणि ज्याची त्याला पुन्हा भरायला लावतो. आयांना याचा भयंकर राग येतो. येऊ दे. आठ वर्षांपूर्वी पहिल्या शिबिराला अकरा मुलं होती, त्यातली दोन माझीच भाचरं. धाकटा दोन दिवस ओल्या मोज्यांत फिरला, कारण आईने भरलेले तीन कोरडे जोड कुठे आहेत हे त्याला ठाऊकच नव्हतं. ताईने माझी खरडपट्टी काढली. तेव्हापासून हा नियम. आता आमची शिबिरं पाच ठिकाणी भरतात.

यंदा एका मोठ्या शाळेच्या मुख्याध्यापिका बॅग घेऊन मुक्कामालाच पाहणीला आल्या. त्यांना पसंत पडलं तर चारशे मुलं येणार होती. मैदानभर पसरलेले कपडे पाहून त्यांनी नाक मुरडलं.

"हा काय बाजार मांडलाय?"

"दुपारपर्यंत थांबा," मी म्हणाले. माझ्या नवऱ्याने कपाळाला हात लावला.

दुपारी ओढा ओलांडताना सगळेच गुडघ्यापर्यंत भिजले. तंबूंपाशी पोचताच शिबिरातल्या साठच्या साठ मुलांनी बॅगेतून कोरडे मोजे काढून घातलेसुद्धा. बाई मात्र दगडावर बसून बॅग उचकत होत्या.

"सुनेने भरलीय हो," त्या पुटपुटल्या.

शेजारची सात वर्षांची मुलगी शांतपणे म्हणाली, "बाई, ओता सगळं."

बाईंनी एकदा माझ्याकडे पाहिलं आणि बॅग गवतावर उलटी केली. मोजे अगदी तळाशी होते. ते चढवत त्या म्हणाल्या, "चारशे मुलं पाठवते. आणि शिक्षकांच्याही बॅगा ओता."