शेपटीवरचा पांढरा पट्टा

शरच्चंद्र पांढरीपांडे यांना नागपुरातले पक्षी बघणारे सगळे नुसतं 'सर' म्हणत. कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवून ते निवृत्त झाले होते, पण नाव झालं ते शिकारी पक्ष्यांमुळे. आभाळात ठिपक्याएवढं काही दिसलं, की नुसत्या उडण्यावरून ते सांगत, शिक्रा आहे, मधुबाज आहे की सर्पगरुड. रंगावर जाऊ नका, असं ते नव्या पोरापोरींना बजावत. उन्हात रंग फसवतो. पंख कसे धरलेत ते बघा, शेपूट केवढी आहे ते बघा आणि मगच तोंड उघडा. कोणी चुकीचं नाव घेतलं, तर ते सगळ्यांसमोर त्याची सालं काढत. असा माणूस पुढच्या सहलीला बहुधा दिसायचा नाही.

यमुताईंना मात्र दर सहलीला यावंच लागे. त्या सरांची धाकटी बहीण. एका शाळेच्या ऑफिसात नोकरी करून त्याही आता घरी होत्या. लग्न झालेलं नव्हतं. वहिनी गेल्यापासून सक्करदऱ्याचं घर त्याच चालवत, आणि पक्षी बघणाऱ्यांच्या मंडळाच्या सहलीत पोह्यांचा डबा, चहाचा थर्मास, सरांची औषधं सांभाळत. तरुणपणी त्यांना प्रत्येक पक्षी घारच वाटायचा. सरांनी त्यांचं नाव 'घारताई' पाडलं आणि ते मंडळात कायमचं चिकटलं. आता कॉलेजातली मुलंसुद्धा चहा मागताना सहज घारताई म्हणत. त्यात वाईट काही आहे, हे त्या मुलांच्या गावीही नव्हतं.

इतकी वर्षं सरांच्या मागे उभं राहून यमुताईंच्या कानावर सगळं पडत गेलं होतं. आता त्या चुकत नसत. पण त्यांना कोणी विचारत नसे आणि त्याही सांगायला जात नसत.

मग सरांचे डोळे गेले. पूर्ण नाही. डोळ्याच्या पडद्याचा मधला भाग निकामी होत गेला. कडेचं दिसायचं, त्यामुळे चालता-फिरता यायचं, जिना उतरता यायचा, पण ज्याच्याकडे बघावं नेमकं तेच पुसलेलं. डॉक्टरांनी सांगितलं, आता यात सुधारणा नाही. सरांनी घरी आल्यावर दार लावून घेतलं आणि यमुताईंना बजावलं, की मंडळात कोणाला हे कळता कामा नये.

तेव्हापासून सहलीत त्या सरांच्या खांद्याशी उभ्या राहू लागल्या. दुर्बीण सरांच्या गळ्यात, दुसरी यमुताईंच्या हातात. त्या हळू आवाजात सांगत, पंख रुंद, टोकाला बोटं सुटलेली, पंखांखाली पांढरा पट्टा. सर क्षणभर थांबत आणि मोठ्यानं म्हणत, सर्पगरुड. मंडळी माना डोलवत. नाव घ्यायचं नाही, फक्त खुणा सांगायच्या, असा सरांचा हुकूम होता. सांगायला उशीर झाला तर ते कोपरानं त्यांच्या बरगडीत ढोसत.

दोन हिवाळे असे निघाले. तिसऱ्या हिवाळ्यात मंडळानं सावनेरच्या पलीकडच्या एका तलावावर सहल काढली. शिकारी पक्षी कसे ओळखावेत हे सर नव्या सभासदांना प्रत्यक्ष दाखवणार होते. बस भरून मंडळी निघाली. त्यांत उन्मेष होता, मंडळाचा तरुण सचिव, हातभर लांब कॅमेरा घेतलेला. सर थकतील तेव्हा पुढचा मान आपला, हे तो धरून चालला होता. मुग्धा नावाची एक मुलगी पहिल्यांदाच आली होती. पुस्तक वाचून आलेली, जरा भित्री, वहीत सारखं काहीतरी लिहीत असलेली.

तलावाच्या पाळीवर चहा झाला. समोर पाण्याच्या कडेनं दूरवर बेशरमाची झाडं आणि पाणगवत माजलं होतं. सर खुशीत होते. मुलांना हसवावं म्हणून त्यांनी यमुताईंची गोष्ट सांगायला घेतली. मंडळातल्या जुन्यांनी ती पूर्वी ऐकलेली होती, पण आज त्यांनी आणखी एक भाग जोडला, जो त्यांनी बाहेर कधी सांगितला नव्हता.

यमुताईंना बघायला अमरावतीहून एक मुलगा आला होता. मुलीला कशाची आवड आहे, असं त्याच्या वडिलांनी विचारलं. सर तेव्हा नुकते प्राध्यापक झालेले. त्यांनी कपाटातून रंगीत चित्रांचं पुस्तक काढलं आणि पाहुण्यांसमोर बहिणीची परीक्षा घेतली. हा कोणता? घार. हा? घार. बरं, हा? यमुताईंनी घाबरून तिसऱ्यांदाही घारच म्हटलं. मुलगा हसला, त्याचे वडील हसले. चार दिवसांनी नकार आला.

"वाचवलं मी त्या पोराला," सर म्हणाले. "नाहीतर जन्मभर घारीबरोबर संसार करत बसला असता."

मंडळी हसली. मुग्धा हसली नाही, खाली बघत राहिली. यमुताई रिकामे कप गोळा करत होत्या. त्या मुलाला त्या पसंत होत्या, हे त्यांना पुढे कोणीतरी सांगितलं होतं. हसण्यावारी गेलेली मुलगी घरात आणायची नाही, असं वडिलांनीच ठरवलं होतं. सरांनाही हे ठाऊक होतं. यमुताईंनी कप पिशवीत भरले, साडीला हात पुसले आणि सरांच्या खांद्याशी येऊन उभ्या राहिल्या.

थोड्या वेळानं पाणगवतावरून एक पक्षी आला. गडद तपकिरी अंग, डोकं फिकट, साईच्या रंगाचं. गवताला जवळजवळ घासत तो सावकाश तरंगत होता, पंख वर उचलून व्हीसारखे धरलेले. तो दलदल भोवत्या होता, मादी. हिवाळ्यात नागपूरच्या आसपास पाणवठ्यांवर दिसणारा पक्षी. ज्याला दिसतं त्यानं एकदा बघितला की पुन्हा चुकू नये, असा.

सरांनी कोपर मारलं. "काय आहे? लवकर बोल."

"अंग गडद," यमुताई हळूच म्हणाल्या. "डोकं फिकट."

"पंख?"

"सरळ. आडवे धरलेत. रुंद आहेत. घारीपेक्षा बराच मोठा आहे."

"शेपूट सांग, शेपूट."

यमुताईंनी दुर्बीण खाली केली. मग म्हणाल्या, "काळी. मधे रुंद पांढरा पट्टा आहे."

फिकट डोकं, काळी शेपूट, तिच्यावर पांढरा पट्टा. असा एकच पक्षी सरांना माहीत होता, आणि तो या भागात दिसणं म्हणजे आयुष्यातली गोष्ट. त्यांनी हात वर करून सगळ्यांना गप्प केलं आणि खणखणीत आवाजात सांगितलं, की समोर पल्लासचा मत्स्यगरुड आहे. त्याच्या शेपटीवरचा पांढरा पट्टा नीट बघून घ्या, असा पक्षी तुम्हाला पुन्हा दिसणार नाही.

सगळ्यांनी दुर्बिणी लावल्या. मग एकमेकांकडे बघितलं. भोवत्या पुन्हा वळून समोरून गेला, पंख तसेच वर धरलेले.

शेवटी मुग्धानं भीत भीत विचारलं, की सर, पंख तर व्हीसारखे दिसतात, हा भोवत्या नसेल का?

सर तिच्यावर तुटून पडले. चार पानं वाचली की अक्कल येत नाही, म्हणाले. तुझ्यासारख्यांनी घरी बसून टीव्हीवर प्राणी बघावेत, इथे येऊन दुसऱ्यांची सकाळ नासवू नये. मुग्धाचे डोळे भरले. ती मागे सरली. यमुताई ऐकत होत्या. एका शब्दानं त्यांना हे थांबवता आलं असतं. त्या बोलल्या नाहीत.

उन्मेष मघापासून सरांच्या चेहऱ्याकडे बघत होता. पक्षी डावीकडे निघून गेला तरी सर उजवीकडच्या रिकाम्या आभाळाकडे दुर्बीण लावून उभे होते. तो जवळ आला. त्यानं कॅमेऱ्याची बटणं दाबली आणि पडदा सरांपुढे धरला.

"सर, मी फोटो घेतला आहे," तो अगदी आदरानं म्हणाला. "पट्टा यात आला आहे का, तेवढं सांगा."

सर वाकले. मान तिरकी करून पडद्याजवळ नाक नेलं. सगळे बघत होते.

"स्पष्ट आहे," ते म्हणाले. "इतका स्वच्छ पट्टा मी कधी पाहिला नाही. जपून ठेव हा फोटो."

पडद्यावर बसच्या मागच्या चाकाचा फोटो होता.

उन्मेषनं कॅमेरा फिरवून एकेकाला पडदा दाखवला. कोणी हसलं नाही. एक बाई "अगं बाई" म्हणाली आणि तिनं तोंडावर हात ठेवला. सरांना ती शांतता कौतुकाची वाटली. गरुडाला मासा कसा धरता येतो, हे ते सांगत राहिले, हातवारे करत, पाण्याकडे तोंड करून. मंडळी एक एक करत बसकडे निघून गेली. ऐकायला पाळीवर यमुताई तेवढ्या उरल्या, तेव्हा कुठे सर थांबले.

यमुताईंना वाटलं होतं, की एकदा सरांवरही लोकांनी हसावं. त्यापेक्षा हे जास्त होतं. वाईट वाटलं असंही त्यांना म्हणता येईना. त्यांनी सरांचा दंड धरला आणि त्यांना बसपर्यंत आणलं. परतीच्या वाटेवर सरांच्या शेजारची जागा रिकामीच राहिली. मुग्धा मागच्या सीटवर खिडकीकडे तोंड करून बसली होती. तिची वही बंद होती.

त्याच आठवड्यात उन्मेषचा फोन आला. सरांनी आता विश्रांती घ्यावी असं सगळ्यांचं मत पडलं आहे, मंडळाला त्यांचा सत्कार करायचा आहे. फोन ठेवल्यावर सरांनी यमुताईंना हाक मारली.

"पट्टा होता का?"

"नव्हता."

"काहून केलं असं?"

यमुताई भाजी निवडत होत्या. त्यांनी हात थांबवला नाही. "तू त्या अमरावतीच्या मुलाची गोष्ट सांगितलीस, म्हणून."

"ती गंमत होती, यमे."

"माझ्यासाठी नव्हती."

सत्काराला सर गेले नाहीत. शाल आणि मानपत्र मंडळाचा शिपाई घरी देऊन गेला. मानपत्र वाचून दाखव, असं सरांनी कधी म्हटलं नाही.

यमुताई त्यांना वेळेवर जेवायला वाढतात, औषध देतात, सकाळी पेपर वाचून दाखवतात. आवाज चढवत नाहीत. संध्याकाळी त्यांना हाताला धरून गच्चीवर नेऊन बसवतात. तिथून सक्करदऱ्याच्या तलावावरचं आभाळ मोकळं दिसतं.

उन्हाळ्याच्या तोंडाशी एका संध्याकाळी शेजारच्या पाण्याच्या टाकीवर शिक्रा येऊन बसला. नर होता, पाठ राखी निळी, छातीवर बारीक तांबूस रेघा, डोळा लालभडक. पायाखाली पारवा दाबलेला. पारवा जिवंत होता आणि शिक्रा त्याची पिसं उपटत होता. खारी ओरडायला लागल्या, कावळे जमले. सरांनी मान वर केली. त्या ओरडण्याचा अर्थ त्यांना चांगला कळत होता.

"शिक्रा आहे ना?" त्यांनी विचारलं. "काही धरलं आहे का त्यानं? सांग ना, यमू."

यमुताई कठड्याशी उभ्या राहून बघत होत्या. पारव्याचा पंख अजून फडफडत होता.

"काही नाही," त्या म्हणाल्या. "कावळे भांडून राहिले."

सरांचा चेहरा तसाच वर, आवाजाच्या दिशेनं वळलेला राहिला. यमुताईंनी पारवा थंड होईपर्यंत बघितलं. मग वाळलेले कपडे दोरीवरून काढून हातावर घेतले आणि त्या जिना उतरून खाली गेल्या.