सगळं परत

शब्दकोशाच्या अ‍ॅपसाठी ती दुर्मीळ इंग्रजी शब्दांचे उच्चार रेकॉर्ड करायची. आधी शब्द, मग अर्थ, मग पुन्हा शब्द, सावकाश, तोडून तोडून. काचेच्या त्या खोलीत पंखाही बंद, कारण त्याची घरघर माइकमध्ये उतरायची.

त्या दिवशी ‘पॅन्डिक्युलेशन’पाशी गाडी अडली. जांभई देत अंग ताणणे, असा त्याचा अर्थ. शब्द अर्ध्यावर आला आणि तिला खरोखरच जांभई आली. पुन्हा घेतलं, पुन्हा आली. काचेपलीकडचा रेकॉर्डिस्ट आधी हसला, मग त्याने रेकॉर्डिंग थांबवलं.

“ताई, साहेबांनी या आठवड्याचं ऐकलंय. आवाज थकल्यासारखा येतोय म्हणाले. सगळं परत करायचं.”

“सगळं?”

“हो. ‘बॉर्बोरिग्मस’सुद्धा.”

म्हणजे पोटातली गुरगुर. त्या एका शब्दाने तिची अख्खी सकाळ खाल्ली होती.

घरी पोचली तर सासरे दारातच उभे. नवरा परगावी नोकरीला. दिवसभर त्यांना घरात बोलायला दुसरं माणूस नाही.

“आलीस? अगं, आज काय गंमत झाली—”

“बाबा, नको ना! बोलून बोलून जीव गेलाय माझा. आता एक शब्द ऐकवत नाही.”

ते ओशाळले. “बरं,” म्हणून आत गेले. तिला लगेच चुटपुट लागली, पण उठायचं त्राण नव्हतं.

थोड्या वेळाने त्यांनी गरम पाण्याचा पेला आणून तिच्यापुढे ठेवला आणि समोर बसले. गप्प राहणं इतकं जड जात होतं की ओठ नुसतेच हलत होते. तिला हसू फुटलं. मग तिनेच सगळं सांगितलं, जांभईसकट.

“काय तो शब्द?”

“पॅन्डिक्युलेशन.”

“पेंडीकुलूप,” म्हणताना त्यांची कवळी घसरली. “अगं, सरळ आळोखेपिळोखे म्हणायचं सोडून हा द्राविडी प्राणायाम कशाला?”

“पोटासाठी, बाबा.”

ते हसले नाहीत. “उद्या रजा माग,” म्हणाले.

तिने फोन केला. दोन दिवस मागितले, एक मिळाला. तो दिवस तिने झोपून काढला. बाबा दारावरच्या माणसांना बाहेरच्या बाहेर कटवत राहिले.

दुसऱ्या दिवशी ती पुन्हा काचेआड बसली, आठवड्याचे शब्द परत घेऊ लागली. साहेबांनी पहिले काही ऐकले, “हं, चालेल,” म्हणाले. तिला स्वतःला मात्र आवाजात काडीचा फरक जाणवला नाही. तिने पुढचा शब्द घेतला.