गुरुवारचा तीनचा तास

निवड समिती चौथ्या नावावर येताच व्हायोलिन शिकवणाऱ्या लॉवेल हॅवरकँपने चष्मा काढून टेबलावर ठेवला. आता वेळ लागणार हे ओळखून समोरच्या प्राध्यापक रस्कने बशीतला दुसरा डोनट उचलला.

नाव होतं ब्रिन स्वोबोडा, व्हायोलिन, शेवटचं वर्ष. संगीत विभागातून बाहेर पडणाऱ्या मुलांपैकी चार-पाच जणांना दर फेब्रुवारीत लॉरेल मंडळात घेतलं जाई. निवड पाच प्राध्यापक करत आणि एकाचं जरी 'नाही' पडलं तरी नाव गळे. हा मान नुसत्या रिबिनीचा नव्हता. पुढच्या शिक्षणासाठी मोठ्या संगीतशाळेत अर्ज केला आणि त्यात ही एक ओळ असली, की तो अर्ज वरच्या गठ्ठ्यात जायचा. ब्रिनने असे तीन अर्ज पाठवले होते आणि तिन्ही शाळा मंडळाच्या निकालासाठी थांबल्या होत्या. हॅवरकँपला हे चांगलं ठाऊक होतं. आपलं 'नाही' त्याने नाताळच्या सुटीतच ठरवून ठेवलं होतं.

ब्रिन आधी त्याच्याकडे शिकत होती आणि त्याला सोडून कोरीन टॅलबर्टकडे गेली होती. बाहेरच्या माणसाला वाटेल, यात काय एवढं? पण आमच्याकडे मुलाने शिक्षक बदलणं म्हणजे सून माहेरी निघून जाण्यासारखं असतं. चूक कोणाची का असेना, घराची चर्चा होतेच. टॅलबर्टची खोली हॅवरकँपच्या खोलीला लागून होती, मधे एक भिंत. गेली दोन वर्षं दोघांमधून विस्तव जात नव्हता. ती कॉफीच्या यंत्रापाशी उभी दिसली तर तो कॉफीवाचून परत फिरे, आणि तीही मुद्दाम सावकाश साखर ढवळत बसे.

समितीची अध्यक्षा थेल्मा ब्रँडव्होल्ड ऑर्गन वाजवायची. तिला सगळं वेळेत आणि नियमात लागे.

"तिच्या शिक्षकांनी बाहेर व्हावं," ती म्हणाली.

समितीतच असलेल्या टॅलबर्टने कोट उचलला आणि कोणाकडेही न बघता ती बाहेर गेली. दार लागलं तरी थेल्माने कागदावरून नजर उचलली नाही.

"लॉवेल, तूसुद्धा."

"मी कशाला? सध्याचा शिक्षक, नाहीतर चार सत्रं शिकवलेला, त्यानेच मत द्यायचं नाही, असा नियम आहे. माझ्याकडे ती तीन सत्रं होती. मग गेली."

"रजिस्ट्रारच्या उताऱ्यावर चार आहेत."

तिने कागद त्याच्याकडे सरकवला. दुसरं वर्ष, वसंत सत्र, व्हायोलिन, शिक्षक हॅवरकँप. श्रेणी ए.

"ए दिलास की तिला," रस्क तोंडातला घास सांभाळत म्हणाला. "मग एवढं भांडण कसलं तुमचं?"

हॅवरकँपने कागदाला हात लावला नाही. त्याचे कान मात्र लाल झाले.

त्या वसंत सत्राच्या सहाव्या आठवड्यात, गुरुवारी तीन वाजता, ब्रिन व्हायोलिन न घेताच आली होती. ती बसली नाही. जे सांगायचं ते तिने उभ्याउभ्याच सांगितलं, आणि त्याने दाराकडे बोट दाखवलं. त्याच संध्याकाळी त्याने ऑफिसला कळवायला हवं होतं. पण त्या वर्षात दोन मुलं आधीच त्याला सोडून गेली होती. तिसरी गेली म्हटल्यावर डीनने बोलावून घेतलं असतं, आणि त्याआधी रस्कने सगळ्या मजल्यावर दवंडी पिटली असती. हॅवरकँपने कळवलं नाही. पुढच्या गुरुवारी तीन वाजता त्याने 'तास चालू आहे' ही पाटी दाराला अडकवली, दार लावलं आणि स्वतः व्हायोलिन हातात घेतलं.

सत्र संपेपर्यंत, दहा आठवडे, हे चाललं. आधी स्केल, मग धडा. मुलं अडखळतात तिथे तो अडखळायचा, थांबायचा, मोठ्याने सूचना द्यायचा आणि मग तीच ओळ नीट वाजवायचा. बाहेरून जाणाऱ्याला खोलीत दोन माणसं आहेत असं वाटावं एवढीच काळजी. शेवटी श्रेणी भरायची वेळ आली तेव्हा त्याने ए लिहिला. बी दिला असता तर ती विचारायला ऑफिसात गेली असती आणि सगळं उघड्यावर आलं असतं. ए मिळाला म्हणून कोणी तक्रार करत नाही.

आता तोच ए त्याच्या वाटेत आडवा पडला होता.

यातून सुटण्याचा एक मार्ग होता. हा ए खोटा आहे, ती सहाव्या आठवड्यातच गेली होती, एवढं बोलायचा अवकाश. ए पुसला जाईल, तिची सरासरी खाली येईल आणि मत न देताच नाव गळेल. ब्रिन बुडेल. पण मग उरलेल्या दहा गुरुवारी त्या खोलीत कोण वाजवत होतं, हा पुढचा प्रश्न थेल्मा विचारणारच. आणि समोर रस्क बसलेला होता, डोनटची साखर बोटांवरून चाटत.

"लॉवेल?" थेल्मा म्हणाली.

त्याने चष्मा डोळ्यांवर चढवला, खुर्ची मागे सारली आणि तो बाहेर गेला. इतका राग त्याला त्या मुलीचाही कधी आला नव्हता. हा सगळा स्वतःवरचा होता.

बाहेर एकच बाक होता आणि त्यावर टॅलबर्ट बसली होती. बोलावणं येईपर्यंत शिक्षकांनी तिथेच थांबायचं, अशी पद्धत होती. खालच्या मजल्यावर कोणीतरी क्लॅरिनेटवर एकाच ओळीचे हाल करत होतं.

"बसा. मी चावत नाही."

"उभाच बरा आहे."

"आत राहण्यासाठी भांडाल असं वाटलं होतं."

"चार सत्रांचा नियम आहे."

"तीन सत्रं आणि सहा आठवडे," टॅलबर्ट म्हणाली.

त्याने पहिल्यांदा तिच्याकडे नीट पाहिलं. तिचा आवाज चढला नव्हता. तो चढला असता तर त्याला सोपं गेलं असतं.

"ऑफिसात सांगायचं असेल तर जाऊन सांगा," तो म्हणाला.

"सांगायचं असतं तर दोन वर्षं थांबले नसते. तिचं नुकसान झालं असतं. तुमचं झालं असतं तर मला चाललं असतं." तिने मांडीवरचा कोट घट्ट धरला. "त्या सत्रात तिला दुसरी वेळ मोकळीच नव्हती. ती गुरुवारीच यायची माझ्याकडे. तीन वाजता."

हॅवरकँपने भिंतीला हात टेकला.

"पहिल्या दिवशी भिंतीपलीकडचं वाजवणं ऐकून ती म्हणाली, सरांना लगेच दुसरं कोणीतरी मिळालं. बरं वाटलं तिला. मग पाच मिनिटांत तिने ओळखलं, की हे सरच आहेत. तिने व्हायोलिन खाली ठेवलं. आपण वाजवलं तर त्यांना ऐकू जाईल, म्हणाली. मी म्हटलं, जाऊ दे. तर नाही म्हणाली."

"मग?"

"मग काय? तुमचा तास संपेपर्यंत आम्ही गप्प बसायचो. दर आठवड्याला. तुम्ही पलीकडून ओरडायचात, कोपर खाली, गज सोडू नकोस, श्वास घे." तिचे ओठ आवळले गेले. "आणि ती माझ्यासमोर खुर्चीत बसून, हातात काही नसताना, कोपर खाली घ्यायची. माझ्या खोलीत. दहा आठवडे मी तिला एक ओळही शिकवली नाही. आत तुमच्या नावावर चार सत्रं लागली आहेत ना, ती बरोबर लागली आहेत. आणि हे तुम्हाला सांगायची माझी अजिबात इच्छा नव्हती."

खालचा क्लॅरिनेट त्याच ओळीवर पुन्हा अडला. हॅवरकँपने खिशातून रुमाल काढला, चष्मा पुसला, आणि तो डोळ्यांना लावायचा सोडून हातातच धरून राहिला.

दार उघडलं.

"झालं," थेल्मा म्हणाली. "तिघांचंही हो. या, पाचवं नाव घेऊ."

टॅलबर्ट उठली. ती दाराशी पोचली तेव्हा हॅवरकँपने मागून विचारलं,

"अजून वर जातो का तिचा कोपर?"

ती थांबली, पण वळली नाही.

"ते माझं मी बघते," ती म्हणाली आणि आत गेली.