मध्यंतरानंतरचा सिनेमा

आई तो हिंदी सिनेमा नेहमी मध्यंतरापासूनच लावते. आधीच्या भागात सिनेमातल्या गर्दीत उभा राहणारा एक गरीब पोरगा मरतो. मध्यंतरानंतर तोच बड्या घरी पुन्हा जन्मतो, मोठा स्टार होतो, मागचं सगळं आठवून सूड उगवतो. गोष्टीला शेंडा ना बुडखा. तरी आई शिलाई मशीन थांबवून बघत बसते.

माझा धाकटा भाऊही असाच गर्दीत उभा राहायचा. घरात आम्ही त्याला हिरो म्हणायचो, निम्मं चिडवायला. शूटिंगहून परतताना ट्रकखाली गेला.

सातव्या महिन्यात मी आईकडे राहायला आले आणि तो सिनेमा मला सोसेना. पडद्यावरची तिची नजर माझ्या पोटावर येऊन थांबायची. माझं बाळ जन्माआधीच हिरोच्या जागी बसणार, या धास्तीने माझी झोप उडाली. आणि मुलगी झाली तर? हिरो नसल्याबद्दल तिने जन्मभर ऐकून घ्यायचं?

परवा दुपारी बघते तर आई हिरोचा निळा शर्ट उसवून झबलं बेतत होती. माझं डोकंच फिरलं.

"आई, तो माझ्या पोटी येणार नाहीये! तुझ्या त्या सिनेमातसुद्धा तो पुन्हा जन्मून सगळ्यांना भेटतो, पण पहिल्या आईकडे राहायला येत नाही. ती पहिली आई आधीच्या भागात आहे, तू तो बघतच नाहीस, तुला काय माहीत!"

बोलले आणि जीभ चावली. आईने हातातली कात्री खाली ठेवली.

"थिएटरात पूर्ण बघितलाय मी, हिरोबरोबर. नाही येत तो, माहितीये मला."

"मग रोज काय बघतेस?"

"त्याची नवी आई. ताप आला की उशाशी बसते. उशीर झाला तर जेवायची थांबते. बरी आहे बाई." तिने उसवलेली बाही सपाट केली. "आपल्या पोरालाही मिळाली असेल ना गं अशी कोणी?"

आपल्या हिरोबद्दल ती विचारत होती.

"तुझ्या पोटी कशाला येईल? या घरात त्याने काय सुख पाहिलं? जाईल तिथे राजा होऊ दे. हे झबलं तुझ्या बाळाचं आहे. कापड धुऊन धुऊन मऊ झालंय, म्हणून घेतलं."

तिने खडूच्या रेघेवर कात्री टेकवली, पण चालवेना.

"कापू ना?" तिने विचारलं.

मी समोर बसले आणि कापड ताणून धरलं.